उमजखडा

१

अहमदपूरच्या स्टँडवरून पहिल्या नांदेड गाडीचा पुकारा व्हायचा, तेव्हा शेषेराव हंडरगुळीकर यांच्या स्वयंपाकघरात चहा उकळत असायचा. एकाहत्तर वर्षं त्यांना चहा करता येत नव्हता; बहात्तराव्या वर्षी यायला लागला. गेल्या वर्षी त्यांच्या पत्नीला, उज्वलाबाईंना, अर्धांगाचा झटका आला. उजवा हात गेला आणि वाचा गेली. हात थोडाफार परत येईल, असं लातूरचे डॉक्टर म्हणाले. वाचेबद्दल विचारलं की ते कागद चाळायला लागत.

त्याच्या तीन आठवडे आधी शेषेराव स्वतःच लातूरच्या त्याच दवाखान्यातून घरी आले होते. त्यांचं हृदय बंद पडलं होतं आणि काही मिनिटांनी पुन्हा सुरू झालं होतं. कसं झालं, ते कुणालाच नीट सांगता आलं नव्हतं. नवरा उठून बसतो न बसतो तोच बायको आडवी. शेजारीपाजारी हळहळले. शेषेरावांना मात्र आतून एक चोरटी लाज वाटत राहिली, जणू रांगेत त्यांचा नंबर आधी होता आणि ते बाजूला सरले होते.

रांगोळी मात्र उज्वलाबाईंनी सोडली नाही. कामाला येणाऱ्या विठाबाई आधी कालची रांगोळी पुसायच्या, सडा टाकायच्या, मग बाईंना धरून उंबऱ्याबाहेर पाटावर बसवायच्या. बाई डाव्या हाताच्या चिमटीत रांगोळी धरायच्या. पूर्वी त्या ठिपक्यांची काढत, कमळं आणि कासवं. आता काढायच्या त्या नुसत्या खुणा. एक बाक, त्याला गाठ, पोटात तुटलेली रेघ. रोज वेगळी, आणि काही दिवसांनी जुनीच एखादी परत.

शेषेराव लातूरच्या कॉलेजात इतिहास शिकवून निवृत्त झालेले. सुट्ट्या सगळ्या शिलालेखांच्या मागे गेल्या होत्या. ब्राह्मी, मोडी, जुनी कानडी. कुठल्या पडक्या देवळात, कुठल्या बारवेत दगडावर ओरखडा दिसला तरी तो उतरवून घेतल्याशिवाय त्यांना करमत नसे. तेव्हा दाराशी खुर्ची टाकून ते बायकोच्या खुणाही वहीत उतरवायला लागले. ही अक्षरं आहेत, की माझ्या म्हाताऱ्या डोक्याला सगळीकडे अक्षरंच दिसतात? हा प्रश्न ते स्वतःला रोज विचारत आणि रोज पान उलटत.

"सर, रांगोळी काय परीक्षेला येनार हाय का?" विठाबाई म्हणायच्या. "धा-पाच बायकांना रांगोळी काढायला शिकवलं आसंल म्या, पन उतरून घेनारा बाप्या पहिल्यांदाच बघून राहिले."

उज्वलाबाई हसायच्या. हसू अर्ध्याच तोंडावर यायचं. तेवढंही पुरे व्हायचं.

२

होळीनंतरचा आठवडा होता. विठाबाई सडा टाकून बाईंना आणायला आत गेल्या आणि शेषेराव वही घेऊन खुर्चीत बसले. अंगण ओलं होतं. गेटच्या बाजूला, पाटापासून हातभर अंतरावर, एक खूण आधीच काढलेली होती.

त्यांनी चष्मा पुसला.

ओल्या जमिनीवर रांगोळी टाकली की ती पाणी पिते आणि करडी पडते. ही कोरडी होती, पांढरीशुभ्र. चिमटीतून सोडलेली रेघ कधी सलग नसते; बोटं थरथरतात, कडेला कण सांडतात. इथे एक कण सांडला नव्हता. आणि खूण उलटी होती. बाई पाटावर बसायच्या ते गेटकडे तोंड करून. ही खूण काढणारं जे कुणी होतं, ते बाईंच्या समोर बसलं होतं, घराकडे तोंड करून.

"विठाबाई, ही तुम्ही काढली?"

"म्या कशाला काढू? आत्ता तर सडा टाकला."

उज्वलाबाई पाटावर बसल्या. त्यांनी ती खूण पाहिली. शेषेराव त्यांच्या चेहऱ्याकडे बघत होते, म्हणून त्यांना नक्की आठवतं: त्या दचकल्या नाहीत. दूधवाल्यानं बिल पुढे केल्यावर बघावं तसं त्यांनी बघितलं, थोड्या कंटाळ्यानं. मग डावा हात डब्यात घातला आणि त्या खुणेच्या अलीकडे आपली खूण काढली.

त्या दुपारी शेषेरावांनी जुन्या वह्या काढल्या. जवळजवळ प्रत्येक पानावर दोन खुणा होत्या. एक थरथरत्या रेघेची, एक उलटी आणि सलग. वर्षभर दोन्ही त्यांनी स्वतःच्या हातानं उतरवल्या होत्या, दोन्ही बायकोच्याच समजून.

'काढत असेल तीच,' ते मनाशी म्हणाले. 'मी चहाचा कप विसळायला जातो तेवढ्यात.' या विचारानं त्यांना रात्री झोप लागली. एवढ्या शिकलेल्या माणसाला इतकं कारण पुरलं, याचं त्यांना नंतर नवल वाटलं.

३

पार्वतम्मा देगलूरकडून मुखेडमार्गे एसटीनं आल्या. उज्वलाबाईंच्या या मावशी, नव्वदीला टेकलेल्या. मराठी बोलायच्या, पण रांगोळीला मुग्गूच म्हणायच्या. त्यांनी येताना भाकरी-ठेच्याबरोबर कमरेच्या पिशवीतून सुपारीएवढा एक दगड आणला होता.

"जावईबापू, हे तुमाला. पोरगी काय म्हन्ती ते कळत न्हाई म्हनून झुरून राहिलेत तुमी. विठाबाईनं फोनवर सांगितलं."

दगड पांढरा होता, कडेला निळसर, साय काढलेल्या दुधासारखा. शेषेरावांना तो शिरगोळा वाटला. ज्या मऊ दगडाची कुटून रांगोळी करतात, तो. त्यांनी सवयीनं नखानं ओरखडून पाहिलं. शिरगोळ्यावर नख उमटतं. इथे नखच झिजलं. एप्रिल तोंडावर आला होता, पत्रे तापले होते, आणि दगड माठातून काढल्यासारखा गार होता.

"ह्याला आमच्याकडं उमजखडा म्हन्तात. माझ्या आजीच्या माहेरी हीर खंदताना एकदाच निगला, टोपलंभर बी न्हाई. हा कुटायचा न्हाई. मुग्गूवर ठिवायचा नि हात काढून घ्यायचा. उमजतं."

"म्हणजे काय होतं?"

"तुमी प्रोफेसर. तुमीच सांगा मग आमाला." पार्वतम्मांनी पानाचा तोबरा गालात सरकवला. "एक ध्यानात ठिवा बिड्डा, लेकरा. वाचा, आन् पुसा. वाचलेलं ठिवायचं न्हाई."

शेषेरावांनी मान डोलावली. रोजची रांगोळी रोज पुसलीच जात होती. त्यात नवीन काय?

पार्वतम्मा संध्याकाळच्या गाडीनं परत गेल्या. दुसऱ्या दिवशी सकाळी, उज्वलाबाईंना आत नेल्यावर, शेषेरावांनी आजूबाजूला कुणी बघत नाही याची खात्री करून घेतली. वर्तमानपत्रावर खडा ठेवला, काही झालं नाही. मग गुडघे धरत वाकून त्यांनी तो बायकोच्या खुणेवर ठेवला आणि हात काढून घेतला.

आवाज आला नाही. अक्षरं उमटली नाहीत. फार पूर्वी कुणीतरी बोललेलं वाक्य एकदम आठवावं, तसं झालं. वाक्य उज्वलाबाईंच्या आवाजातलं होतं, झटक्याच्या आधीच्या.

*अजून नको.*

शेषेराव तिथेच जमिनीवर बसले आणि रडले. वर्षभरानंतर बायकोचा आवाज ऐकला होता. ती काय म्हणाली, हे डोक्यात यायलाही वेळ लागला.

४

त्यांनी धावत जाऊन परातीत ज्वारीचं पीठ पसरलं आणि पलंगावर उज्वलाबाईंच्या पुढ्यात धरलं. बाईंनी खड्याकडे पाहिलं, नवऱ्याकडे पाहिलं. मग डाव्या तर्जनीनं पिठात एक खूण काढली. शेषेरावांनी खडा ठेवला.

*गालावर साबण राहिलाय.*

त्यांनी गाल चाचपला. राहिला होता.

त्यानंतरचे पंधरा-वीस दिवस शेषेरावांच्या आयुष्यातले सगळ्यात चांगले दिवस होते. लग्नानंतरच्या पन्नास वर्षांत ते दोघं इतकं बोललेच नव्हते. तेव्हा ते शिलालेखांकडे असत आणि त्या घराकडे. आता परात मध्ये घेऊन दुपारच्या दुपार जायच्या. *चहात आलं जास्त होतं.* *विठाबाईच्या सुनेला दिवस गेलेत, ती बदलीवर आली तर तिच्याकडून फरशी पुसून घेऊ नका.* एकदा शेषेराव वहीत डोकं घालून बसले असताना बाईंनी परात वाजवली आणि पिठात फर्रकन खूण काढली: *अक्षरं पुरे. जेवायला या.* शेषेराव इतके हसले की ठसका लागला.

"सर, आज परातीत भाकरी थापायची हाय का गप्पा?" विठाबाई विचारायच्या. पण पीठ त्याच जास्तीचं चाळून ठेवायच्या.

शेषेराव ऋणी होते. पार्वतम्मांचे, त्या विहिरीचे, ज्या कुणी ती खणली त्यांचे. सवय असूनही ते या गप्पांमधल्या खुणा वहीत उतरवत नसत. त्या आपल्या, घरच्या होत्या. दाराबाहेरच्या मात्र उतरवत. आणि रोज सकाळी बायकोच्या खुणेवर खडा ठेवून वाचत. *अजून नको.* पुन्हा *अजून नको.* एके दिवशी *तो झोपलाय.* शेषेराव तर तेव्हा शेजारीच खुर्चीत बसलेले होते, टक्क जागे.

उलट्या खुणेवर त्यांनी खडा कधी ठेवला नाही. का ठेवला नाही, ते त्यांनी स्वतःला विचारलंही नाही.

शेवटी एका दुपारी विचारलं. "उज्वला, बाहेर तू कुणाला लिहितेस?"

बाईंनी तळहातानं पीठ पुसलं.  मग त्यांनी सावकाश खूण काढली.

*दारात आहे तोवर ठीक. आत आणू नका.*

५

जिल्दसाज मकसूदचं दुकान मोंढ्याच्या वाटेवर होतं. शेषेरावांच्या सगळ्या वह्या-पुस्तकांना त्याच्या वडिलांपासून त्यांच्याकडेच पुठ्ठे चढायचे. वर्षभराच्या सहा वह्या एकत्र बांधायला त्यांनी आठवड्यापूर्वी मकसूदकडे दिल्या होत्या. तो स्वतःच ते बाड घेऊन घरी आला, आणि आत न येता गेटपाशीच उभा राहिला.

"ये ना मकसूद, चहा घे."

"नको सर. रोजा आहे." मग त्यालाच आठवलं की रोजे संपून महिना होत आला. तो कसनुसा हसला. "खरं सांगू का सर, नाराज नका होऊ. ह्या शेवटच्या वहीत मागं कोरी पानं होती ना?"

"असतील दहा-बारा."

"मी मोजून दोरा भरतो सर, मला माहीत. कोरी होती. दाबायला शिकंजात ठेवली, दुकान बंद केलं. सकाळी काढली तर भरलेली." त्यानं बाड पुढे केलं. "अम्मीला दाखवलं. ती म्हणली, आजच्या आज देऊन ये. मजुरी नको सर. खरंच नको."

"अरे, मीच लिहिली असतील आधी. हल्ली विसरतो मी."

"हाव सर," मकसूद म्हणाला. त्याला ते खरं असावं असं फार वाटत होतं, हे त्याच्या तोंडावर दिसत होतं. "तसंच आसंल."

शेषेरावांनी बाड अभ्यासिकेत टेबलावर ठेवलं आणि शेवटची पानं उघडली. एकच खूण पुन्हा पुन्हा काढलेली होती, उलटी, सलग. पेन्सिल नव्हती, शाई नव्हती. त्यांनी बोट फिरवलं. बोटाला पांढरं लागलं.

६

त्याच दिवशी दुपारी वीज गेली. पंखा थांबला आणि घरातले एरवी ऐकू न येणारे आवाज यायला लागले. माठ झिरपत होता. उज्वलाबाई झोपल्या होत्या, त्यांचा श्वास येत होता. आणि अभ्यासिकेतून एक आवाज येत होता.

सर्र. मग थांबायचा. पुन्हा सर्र.

वाळवी, शेषेराव म्हणाले. मग म्हणाले, पाल. पण चिमटीतून रांगोळी सुटते तो आवाज त्यांनी वर्षभर रोज सकाळी ऐकला होता. आणि मधला तो थांबाही त्यांच्या ओळखीचा होता. पुढची रेघ कुठे वळवावी याचा विचार करणारं माणूस तेवढं थांबतं.

ते दारापर्यंत गेले. बाड टेबलावर होतं तसंच होतं. टेबलाखालच्या शहाबादी फरशीवर अर्धी खूण काढलेली होती, आणि ती पुढे सरकत होती. बोटभर. थांबली. बोटभर.

हात दिसला नाही, असं ते पुढे मनाशी म्हणत. पण ते पूर्ण खरं नव्हतं. रेघेच्या टोकाशी, हात असायला हवा होता तिथे, फरशी दिसत नव्हती. आणि तसंच त्याच्या मागे, टेबलाच्या अंधारात, पाटावर बसलेल्या बाईएवढ्या जागेत भिंतही दिसत नव्हती.

खूण पुरी झाली. तेवढ्या जागेत भिंत परत दिसायला लागली.

 उमजखडा त्यांच्या सदऱ्याच्या खिशात होता. तो न ठेवता निघून जाता आलं असतं. पण अनोळखी अक्षर समोर असताना ते आयुष्यात कधी निघून गेले नव्हते. त्यांनी वाकून खडा खुणेवर ठेवला.

या वेळी आठवलेलं वाक्य कुणाच्याच आवाजात नव्हतं.

*आता काय देतेस?*

७

पार्वतम्मांच्या नातवानं फोन त्यांच्या कानाला लावून दिला. शेषेरावांनी भराभरा सगळं सांगितलं. 

"वहीत उतरवलं?" पार्वतम्मा म्हणाल्या. "सगळं?"

"वर्षभराचं."

"अय्यो बिड्डा. मुग्गू दुसऱ्या दिशी पुसतात ते कशाला? त्यानं इचारलं, हिनं सांगितलं, पुसलं, संपलं. तुमी संपूच दिलं न्हाई. आन् घरात नेऊन ठिवलं, पुठ्ठा घालून!" त्या ओरडत नव्हत्या, त्याचंच जास्त वाईट वाटलं. "पुसा आता. आन् शेवटचं इचारलंय, त्याला काई तरी सांगावंच लागंल."

शेषेरावांनी फोन ठेवला आणि बाडाचं पहिलं पान उघडलं. वर त्यांच्याच अक्षरात तारीख होती. ते दवाखान्यातून घरी आले त्याच्या तिसऱ्या आठवड्यातली. झटक्याच्या आदल्या दिवसाची. त्या सकाळी उज्वलाबाई धडधाकट होत्या, बोलत होत्या. माहेरचा एखादा जुना नमुना काढला असेल, असं समजून त्यांनी पलंगाजवळच्या खिडकीतून गंमत म्हणून तो उतरवला होता.

त्यांनी उलट्या खुणेवर खडा ठेवला.

*हा माझा होता.*

मग तिच्या खुणेवर.

*माझं बोलणं घे.*

खोलीत फार उकडत होतं.  वर्षभर रोज सकाळी ते जिवंत उठले होते, चहा करायला शिकले होते, आलं जास्त घातलं होतं. आणि आपण वाचलो कसे, हे विचारायचं धाडस त्यांना झालं नव्हतं. उत्तर दाराबाहेर रोज लिहिलेलं होतं. तिनं दिलेलं ते एकदाचं उत्तर पुरलं असतं. त्यांनी ते जपून ठेवलं, म्हणून तिला पुन्हा पुन्हा विचारलं गेलं.

संध्याकाळी त्यांनी बाड उसवलं आणि न्हाणीतल्या हौदात त्याची, चालू वहीचीही, पानं एकेक बुडवली. शिसपेन्सिलीच्या रेघा सहज जात नव्हत्या. अंगठ्यानं चोळून चोळून त्यांनी त्या घालवल्या, लगदा होईपर्यंत. चाळीस वर्षांत अक्षर जपण्यापलीकडे त्यांनी काही केलं नव्हतं. अंगठ्याचं कातडं सोललं. शेवटच्या पानांवरचं पांढरं मात्र पाण्यात शिरताक्षणीच गेलं, वाट बघत असल्यासारखं.

विठाबाई जायला निघाल्या होत्या, त्या दारात थबकल्या. "सर, वर्साची मेहनत हो."

"हाव," शेषेराव म्हणाले. कॉलेजात शिरल्यापासून त्यांनी कधी 'हो'ऐवजी 'हाव' म्हटलं नव्हतं.

टेबलाखालची फरशीही त्यांनी ओल्या फडक्यानं पुसली. खूण गेली. जिथे ती होती तिथे फरशी कोमट लागली.

८

दुसऱ्या दिवशी पुकारा झाला, चहा उकळला, सडा पडला. उलटी खूण आज अंगणात नव्हती. तरी उज्वलाबाई पाटावर बसल्या आणि त्यांनी चिमूट भरली. आत विचारलेलं त्यांनाही ऐकू आलं होतं तर.

त्यांची खूण पुरी होताच, त्या तिथेच बसलेल्या असताना शेषेराव खाली बसले आणि त्यांनी खडा ठेवला. त्या 'नको'ची मान हलवत होत्या.

*डोळे घे.*

शेषेरावांनी चप्पल काढली आणि उघड्या पायानं ती खूण पुसून टाकली. विठाबाईंच्या तोंडून 'अगं बाई' निघालं. दारातल्या रांगोळीवर पाय देणारा माणूस त्यांनी पाहिला नव्हता. उज्वलाबाईंनी त्यांचा पाय धरला. त्यांच्या गळ्यातून आवाज आला, शब्द नव्हे, नुसता आवाज.

"तू पुष्कळ बोललीस," शेषेराव म्हणाले. "आता मला लिहू दे."

त्यांनी डब्यातून चिमूट घेतली. रांगोळी धरायची कशी हेही त्यांना माहीत नव्हतं. तर्जनी आणि अंगठ्यातून ती भसकन सांडली. 'माझं' आणि 'घे' हे खुणांमधले तुकडे बायकोच्या हातचे त्यांना पाठ होते. 'अक्षरं' परातीत पाहिली होती, जेवायला हाक मारली होती त्या दुपारी. तीन तुकडे, एक खूण. बाक कुठल्या बाजूला? गाठ आधी की रेघ आधी? आयुष्यभर दुसऱ्यांचं लिहिलेलं वाचलं; स्वतः लिहायची वेळ आल्यावर प्रत्येक वळणाशी शंका आली. चुकीचं लिहिलं आणि भलतंच दिलं गेलं तर? हिचंच काही दिलं गेलं तर?

रेघ वाकडी गेली. तेव्हा थरथरणारा डावा हात त्यांच्या हातावर आला आणि त्यानं बाक वळवून दिला.

पुरं झाल्यावर शेषेरावांनी आपल्याच खुणेवर खडा ठेवून पाहिला. शंकेखोर माणूस, तपासल्याशिवाय कसा राहील? त्यांना त्यांचा स्वतःचा आवाज आठवला, वर्गातला, तरुणपणीचा.

*माझी अक्षरं घे.*

घरातून, अभ्यासिकेच्या बाजूनं, काही तरी त्यांच्या आणि उज्वलाबाईंच्या मधून बाहेर गेलं. वारा नव्हता. दोघांमध्ये बोटभर जागा होती, तेवढ्यातून. शेषेरावांच्या उजव्या दंडाला ते कोमट लागलं. गेट हललं नाही. सडा मात्र गेटपर्यंत एका रुंद पट्ट्यात वाळत गेला, त्यांच्या डोळ्यांदेखत.

९

पेपर आला, तो त्यांनी उघडला आणि घडी घालून ठेवला. त्यात बारीक काळ्या मुंग्या ओळीनं चालल्या होत्या. गेटवरच्या काळ्या पाटीवर पांढऱ्या रंगात कुणीतरी सुरेख वेलबुट्टी काढली होती. तिच्यावरून बोट फिरवताना शेषेरावांना आठवलं की ती त्यांच्याच नावाची पाटी आहे. त्यांना वाटलं होतं, फार दुःख होईल. दुःख थोडंच झालं. औषधांच्या बाटल्या त्यांनी रंगावरून लक्षात ठेवल्या. एसटीची पाटी ते मकसूदला सोबत नेऊन विचारायचे. तो 'नांदेड आहे सर' असं हळूच सांगायचा आणि कशाचंही कारण विचारायचा नाही.

उमजखडा रांगोळीच्या डब्यात पडून होता. त्यांनी एकदा तो परातीतल्या खुणेवर ठेवून पाहिला. पांढरा दगड, गार. बाकी काही नाही.

वैशाखातल्या एका सकाळी ते चहा घेऊन दाराशी आले तेव्हा उज्वलाबाई पाटावर बसलेल्या होत्या. त्यांनी वर पाहिलं. ओठ हलले, थांबले, पुन्हा हलले. जड दार ढकलावं तसे.

"अहो," त्या म्हणाल्या. मग बराच वेळ लागला. "साबण."

शेषेरावांनी गालावर हात ठेवला आणि तो तिथेच राहू दिला.  आत विठाबाईंच्या हातातून भांडं पडलं.

अंगणात दोन खुणा होत्या. त्यांतली बायकोच्या हातची कुठली, आणि दुसरी कुणाची. की दोन्ही तिच्याच. की तिनं अजून काढलीच नव्हती? वर्षभरापूर्वी रेघेच्या एका थरथरीवरून त्यांनी ते सांगितलं असतं. आता त्यांना जमिनीवर नुसतं पांढरं दिसत होतं, छान दिसत होतं. उज्वलाबाई बोलत होत्या. ते स्वतः उभे होते. त्यांनी कप खाली ठेवला आणि उंबऱ्याच्या आत राहून हात जोडले, अंगणभर, नक्की कुणाला ते न ठरवता.

विठाबाई ओलं फडकं घेऊन बाहेर आल्या. त्यांचे डोळे भरलेले होते, आणि अंगणाकडे बघून त्या जराशा थांबल्या.

"सर, ठिवायची हाय, का पुसू?"

"पुसा," शेषेराव म्हणाले.